जखीणकाकीचं नाव

खालची भातगिरणी बंद झाल्याशिवाय मला भूत होता येत नसे. नंदूदादानं केबलचं ऑफिस गिरणीच्या माडीवर थाटलं होतं, आणि गिरणी चालू असली की माडीच्या फळ्या अशा थरथरायच्या की कॅमेऱ्यात मी हिवताप भरल्यासारखी दिसायची. म्हणून शनिवारी दुपारी गिरणीवाले जेवायला गेले की आमची घाई सुरू होई. दशावतारी कंपनीतल्या एका ओळखीच्या माणसाकडून आणलेला सफेदा तोंडाला फासायचा, डोळ्यांभोवती काजळ ओढायचं, डोक्यावर काथ्याच्या जटा चढवायच्या आणि मांडीवर पेटी घेऊन कागदी माडाखाली बसायचं. पेटी म्हणजे हार्मोनियम. आमच्याकडे तिला दुसरं नाव नाही. नंदूदादा, माझा मावसभाऊ, कॅमेऱ्यामागून बोट वर करी, आणि मी हसायला लागे.

ते हसणं माझं मीच बसवलं होतं. खालच्या सा वरून सुरू करायचं, हळूहळू चढत जायचं, वर टिपेला आवाज मुद्दाम फोडायचा आणि शेवटी एक उचकी द्यायची. उचकीला लोक हमखास हसत. नंदूदादा शनिवारी संध्याकाळी भुताचे सिनेमे दाखवायचा. पण बायका घाबरून टीव्ही बंद करतात अशा तक्रारी यायला लागल्या, तेव्हा त्याच्या डोक्यात आलं की मध्ये मध्ये कोणीतरी येऊन लोकांना हसवायला हवं. घरातल्या लग्नाकार्यात मी नकला करायची, हे त्याला ठाऊक होतं. अशी जखीणकाकी जन्मली. माडावर राहणारी, माणसांना भिणारी, वीज गेली की माणसांच्या आधी स्वतःच किंचाळणारी, रस्त्यातल्या खड्ड्यात पाय मुरगळला म्हणून पाय उलटे झाले असं सांगणारी. सिनेमाच्या मध्यंतरात तिचं एक गाणं असायचं. शब्द माझे, चाल माझी.

पुढे माझा सगळा जन्म याच धंद्यात गेला. जत्रेतली स्टेजं, गणपतीतले कार्यक्रम, मुंबईच्या चाकरमान्यांचे मेळावे, आणि आता तर पोरं मला मोबाईलच्या पडद्यावर बघतात. त्याबद्दल लोक विचारतात, मीही सांगते. पण ज्या आठवड्यात हे सगळं एक तर कायमचं संपणार होतं किंवा खरं सुरू होणार होतं, त्याबद्दल मी कधी नीट बोलले नाही. ते इथे लिहून ठेवते.

आमचं घर मालवणात, गावाच्या कडेला. समुद्र दिसायचा नाही, पण ऐकू यायचा. पावसाळ्यात तर तो भिंतीपलीकडे राहतो की काय असं वाटे. घरात आम्ही तिघंच. आप्पा कचेरीत कारकून होते, पण गावाला ते माहीत होते ते भजनी बुवा म्हणून. डबलबारीला, म्हणजे दोन बुवा समोरासमोर बसून रात्रभर भजनाची जुगलबंदी करतात त्याला, आप्पांचं नाव लागलं की आजूबाजूच्या गावांतून माणसं येत. सकाळी अंगणात सडा पडायच्या आधी त्यांची पेटी सुरू व्हायची. मी त्या आवाजावर उठले, त्या आवाजावर शाळेला गेले, आणि कधीतरी, कोणी न शिकवता, माझीही बोटं त्या पट्ट्यांवर फिरायला लागली. आप्पांनी ते पाहिलं. काही बोलले नाहीत, फक्त एक दिवस माझं मनगट धरून जरा खाली केलं. तेवढंच त्यांचं शिकवणं.

साधारण दहाला घरात पेज व्हायची. उकड्या तांदळाची, वाफाळती, बाजूला खारातल्या आंब्याची फोड आणि कधी सुक्या बांगड्याचा तुकडा. कचेरीला सुट्टी असली की आप्पा पडवीत बसून पेज खात आणि खाताना मांडीवर ताल धरत. आई चुलीपुढे बसून त्यांच्या तालावरून ओळखायची की आज स्वारीचा मूड कसा आहे. तिला गाण्यातलं काही कळत नव्हतं. तिला आप्पा कळत होते.

जखीणकाकीला आप्पांनी परवानगी दिली ती एका अटीवर. माझं सावंतवाडीचं एक स्थळ चाललं होतं, मास्तर होता मुलगा. त्या स्थळाचं पुढे काही झालं नाही, हे आताच सांगून टाकते, म्हणजे कोणी वाट बघायला नको. पण त्या वेळी घरात सगळं त्या स्थळाभोवती फिरत होतं. शिवाय देवळात अभंग म्हणणाऱ्या बुवाची पोर भुताचं सोंग घेते, हे लोकांना काय सांगणार? आप्पा म्हणाले, "कर तुका काय करूचा हा ता. पण नाव खंय येवक नको. तुझा नाय आणि माझाय नाय."

मी कबूल झाले. उलट मला त्यात गंमतच वाटायची. आमच्याकडे टीव्ही असल्यामुळे शनिवारी संध्याकाळी शेजारपाजारचे सगळे पडवीत येऊन बसत. मी खोबरेल लावून तोंड घासूनपुसून त्यांच्यातच गुडघे पोटाशी घेऊन बसायची आणि स्वतःला बघायची. ही काकी खंयची असात यावर वाद व्हायचे. कोणी म्हणे कुडाळची. समोरच्या घरातले भाई छातीठोक सांगायचे, "जामसंड्याची ती. बोलण्यावरना कळता." आई पदर तोंडाला लावून आत निघून जायची.

त्या बुधवारी कसलीतरी सुट्टी होती. आप्पा पडवीत पेटी घेऊन बसले होते, मी भात निवडत होते. तोंडवलीहून शेवंता मासे घेऊन आली. ती आमची नेहमीची. पाटी उतरवली की अर्धा तास बसायची, गावाच्या सगळ्या बातम्या तिच्याकडून कळायच्या. त्या दिवशी ती बसलीच नाही.

"वैनी, बांगडे बेगीन घेवा. माका दुपारच्या आत घराक पोचाक व्हया."

"इतकी घाई कसली गो?" आईनं विचारलं.

"आमच्या शेजारी, बाबल्याच्या घराकडे, भगत येतलो आसा. त्येंचे सुनेक जखीण लागली. सुजाताक." शेवंता आवाज खाली आणत म्हणाली. "टीव्हीत ती काकी येता नाय? तशीच हसता. तशीच्या तशी! सांजवेळी बावीर पाणी काढता काढता हसाक लागली. सासूवेन आपल्या कानान ऐकल्यान. दोन दिस झाले, तिका काय खावक देवक नाय. भगतान सांगल्यान तसा."

माझ्या हातातलं सूप तिथंच थांबलं. मागे आप्पांची पेटीही थांबली.

"तिचो घोव खंय आसा?" आई म्हणाली.

"तो बोटीर. रत्नांग्रीच्या बाजूक. सासूचो थोरलो झिल, हिचो दीर, गेल्या पावसात दर्यात गेलो, तुमका म्हायत आसा मां? तेचो अजून वर्षाचो दिस जावक नाय. आणि ह्या घरात असला हसणा!" शेवंतानं बांगडे मोजले, पाटी डोक्यावर घेतली. "आज अमावास्या आसा. आज काय ता काढतले."

ती गेली. मग मी उठले.

"मी जातंय थंय," मी म्हणाले.

"खंय?" आप्पांनी विचारलं, त्यांना ठाऊक असूनही.

"तोंडवलीक. तेंका सांगतंय, ता हसणा माझा आसा म्हणान. जखीण नाय, काय नाय. टीव्ही बघून शिकली ती."

"अट काय हुती?"

मी हातातलं सूप खाली ठेवलं.

"काय हुती अट? सांग."

"नाव येवक नको."

"मगे?" आप्पांनी पेटीचा भाता बंद केला. "आपलो काय संबंध? त्येंचा घर, त्येंची सून. आयतवारी सावंतवाडीची माणसा येतली. आणि हयसर तू गावभर सांगत फिर, मीच ती जखीण म्हणान!"

ते ओरडले नव्हते. आप्पा ओरडायचे नाहीत. आवाज जसा चढायला हवा तसा न चढता बारीक व्हायचा, आणि त्याचीच भीती वाटायची. मी खाली बसणार होते. खरंच बसले असते. पण आई विळीवरून उठली. अर्धा चिरलेला बांगडा तिनं टोपलीखाली झाकला, हात धुतले, पदराला पुसले.

"माझे थोरले भयणीक असाच केल्यानी हुता," ती आप्पांना म्हणाली. "तुमका म्हायत नाय. आमच्या घरात कोण सांगत नाय. मिरचेचो धूर दिल्यानी. ती मागीर कोणाकडेच बोलाक नाय. मरासर." मग माझ्याकडे वळून म्हणाली, "चल. नंदूक सांग जीप काढ म्हणान."

आईनं आप्पांचं ऐकलं नाही असं मी जन्मात पहिल्यांदा पाहिलं. आप्पांनीही बहुतेक पहिल्यांदाच. ते पेटीवर हात ठेवून तसेच बसून राहिले.

नंदूदादाची जीप केबलच्या वायरी वाहायची. मागे बसायला जागा नव्हती, आम्ही दोघी पुढेच दाटीवाटीनं बसलो. "मावशे, लोक चिडले तर माझे वायरी तोडतीत गो," तो सारखा म्हणत होता. माडांच्या रांगा मागे पडत होत्या, वाळूचा रस्ता लागला तशी जीप घसरायला लागली. मी मनात वाक्यं जुळवत होते: नमस्कार, मी अमुक, हा सगळा गैरसमज आहे. प्रमाण मराठीतली, शाळेत भाषण करतात तशी वाक्यं. एकही वाक्य त्या घराला लागू पडणार नाही हे मला ठाऊक होतं.

घर ओळखायला अडचण पडली नाही. गडग्यावर, म्हणजे अंगणाच्या दगडी कुंपणावर, पोरं चढून बसली होती, अंगणात बायाबापडे दाटले होते. वाट काढत आम्ही पुढे गेलो. मधे एका पाटावर सुजाता बसली होती. केस मोकळे, मान छातीवर पडलेली. माझ्याच वयाची असेल, कदाचित लहान. तिच्यासमोर मडक्यात निखारे होते, बाजूला पानावर तांदूळ, लाल मिरच्या, नारळ. भगत उंच, हडकुळा, वेताची काठी हातात घेतलेला. मला वाटलं होतं तसा तो भयंकर वगैरे दिसत नव्हता. दिवसभर काम करून थकलेला माणूस जसा दिसतो तसा दिसत होता. सासू दाराच्या चौकटीला टेकून उभी होती. तिच्या तोंडाकडे बघून मला कळलं की ही बाई सुनेवर रागावलेली नाही. ती घाबरून अर्धमेली झालेली आहे.

"थांबवा ह्या," आई म्हणाली. मोठ्यानं नाही, पण सगळ्यांना ऐकू गेलं.

भगतानं वळून पाहिलं. "तुमी कोण?"

मी पुढे झाले. "ता हसणा माझा आसा. टीव्हीतली काकी ती मी. हिका काय एक लागाक नाय. माझा बघून बघून ही शिकली."

लोकांत कुजबुज झाली. एक बाई म्हणाली, "खंयची ही?" दुसरी म्हणाली, "ती काकी म्हातारी आसा. ह्या तर चेडू." कोणीतरी फिसकन हसलं. भगतानं मला पायापासून डोक्यापर्यंत न्याहाळलं आणि शांतपणे म्हणाला, "मगे हास बघू."

मी तोंड उघडलं आणि आवाजच फुटला नाही. दर शनिवारी मी सफेद्याआड बसून हसायची, नंदूदादाचं बोट बघून हसायची. अशा उघड्या तोंडानं, एवढ्या डोळ्यांसमोर कधीच हसले नव्हते. मी पुन्हा श्वास घेतला. पुन्हा काही नाही. भगतानं मान हलवली आणि मिरच्यांची मूठ उचलली. सुजातानं ते पाहिलं असावं, कारण ती पाटावरच मागे सरली, आणि मागे उभ्या असलेल्या दोन पुरुषांनी तिचे खांदे धरले.

ते पाहून मला राग आला. त्या रागानं माझा घसा सुटला असणार, दुसरं काय सांगू? मी खालचा सा धरला आणि हसायला लागले. चढत गेले, वर आवाज फोडला, उचकी दिली.

"काकी! काकी!" गडग्यावरची पोरं ओरडली. "गे, खरीच काकी!"

आणि त्याच क्षणी सुजातानं मान वर केली. माझ्याकडे पाहिलं. तिचे डोळे सुजलेले होते, ओठ कोरडे पडले होते. तिनं तोंड उघडलं आणि ती हसली. तशीच. खालून वर चढत, टिपेला फोडत, उचकीसकट. मला आजही वाटतं की ते हसणं नव्हतंच. दोन दिवस दाबून ठेवलेलं रडं होतं, जे बाहेर यायला त्याला तेवढी एकच वाट माहीत होती. पण लोकांनी ऐकलं ते एवढंच: दोन बाया एकसारख्या हसल्या. अंगण एकदम मागे सरलं. एका बाईनं गडग्यावरून आपलं पोर ओढून काढलं. सुजाताला धरलेले पुरुष हात सोडून लांब झाले. सासूनं दाराची कडी घट्ट धरली. मला वाटलं, संपलं. तिला सोडवायला आले आणि तिच्यावर शिक्कामोर्तब करून बसले. आता आम्हां दोघींना मिरच्यांचा धूर मिळणार.

भगतानं काठी उचलली. आई चालत गेली आणि त्याच्या आणि सुजाताच्या मध्ये उभी राहिली. आईची उंची त्याच्या छातीपर्यंतही नव्हती.

"मार," ती म्हणाली. "माका मार आदी."

तो तिच्याकडे बघत राहिला. मग लोकांकडे. लोक मागे सरताना त्यानं पाहिले होते. अजून काही झालं असतं तर पळालेच असते, आणि मग त्याचं तिथे काय राहिलं असतं? त्याचं डोकं किती झरझर चाललं ते मला त्याच्या डोळ्यांत दिसलं. त्यानं काठी खाली टेकवली, पानावरचे तांदूळ उचलले, सुजाताच्या डोक्यावरून ओवाळले आणि माझ्या पायाशी टाकले.

"गेला," तो मोठ्यानं म्हणाला. "जिचा हुता ती धनीण इली. आपला घेवन गेली. आता कोणी भियाचा नाय."

लोकांनी सुस्कारा सोडला. कोणी हात जोडले. माझ्या डोक्यात तिडीक गेली. "घेवन कोण गेला? मी माणूस आसंय! माझा नाव..."

आईनं माझ्या दंडाला असा चिमटा काढला की डोळ्यांत पाणी आलं. "गप," ती दातांतून म्हणाली. "पोरगी सुटली मां? मगे गप."

मी गप्प झाले. आईनं ते आप्पांच्या शब्दासाठी केलं, आणि सुजातासाठी केलं, आणि त्या क्षणी तेच बरोबर होतं. सासू हळूहळू पुढे आली. तिनं भगताला विचारलं, "खराच गेला?" त्यानं मान डोलावली, तशी ती सुजातापाशी खाली बसली आणि तिचे केस गोळा करून बांधायला लागली. गाठ पुन्हा पुन्हा सुटत होती. "माका वाटला, माझो थोरलो परत इलो," ती पुटपुटली. "तुझ्या तोंडातसून हसता म्हणान." कोणीतरी पेजेची वाटी आणली.

आईनं सासूला समजावून सुजाताला चार दिवस माहेरी पोचवायचं ठरवलं. माहेर परतीच्या वाटेवरून जरा आत होतं, डोंगराकडे, काजूच्या बागांतलं गाव. जीपमध्ये ती माझ्या जवळजवळ मांडीवरच बसली होती. माझ्याकडे वळून म्हणाली, "काकी, तुमी घरातय तशाच हसतास?"

"नाय गो," मी म्हणाले. "तू कशाक हसलंस तशी?"

"कोण नसा मां बोलाक," ती म्हणाली. "घरात सगळी गप. शेजारच्यांच्या खिडकेतसून तुमका बघी, मगे बावीर जावन तशी हसान बघी. बरा वाटा."

सुजाता आज तोंडवलीतच आहे. नवरा बोट सोडून घरी आला, आता दोघं मिळून पर्यटकांना खोल्या देतात; तिच्या हातच्या सुंगटांच्या, म्हणजे कोळंबीच्या, कालवणासाठी लोक पुन्हा पुन्हा येतात. सासूचं शेवटचं दुखणं तिनंच काढलं. मी कधी गेले तर ती मला आग्रहानं वाढते. त्या दुपारबद्दल आम्ही दोघी बोलत नाही. आता असल्या गोष्टींना कायदा आहे म्हणतात. असू दे. त्या दिवशी नव्हता.

घरी आलो तेव्हा आप्पा अंगणात उभे होते. आईनं त्यांना एवढंच सांगितलं, "नाव नाय सांगाक." त्यांनी मान हलवली. मला वाटलं, मिटलं. पण ती पेटी त्या संध्याकाळी वाजली नाही, दुसऱ्या दिवशी सकाळीही नाही. रात्री आप्पा पाठ करून जेवत होते आणि त्यांच्या मांडीवर ताल नव्हता.

शुक्रवारी शेवंता आली आणि पाटी उतरवायच्या आधीच सुरू झाली. "वैनी, काय सांगू तुमका! खरी जखीण इल्ली! दिवसाढवळ्या! साडी नेसान, आपल्यासारख्याच तोंड. नाव ना गाव. भगताच्या समोर हसली आणि आपला माणूस घेवन गेली." तिनं हात जोडले. आम्ही बाबल्याच्या अंगणात गेलो होतो तेव्हा ती मासे विकून घरी पोचलीच नव्हती, त्यामुळे तिनं आम्हांला पाहिलं नव्हतं. "आता बायल माणसा परक्या बाईक दारात उभी करीनत नाय. काल आचऱ्याच्या बाजूक एक बांगडेवाली फिरत हुती, बिचारी. अनोळखी म्हणान पोरांनी धोंडे मारल्यानी तिका. डोक्याक लागला म्हणतत."

आई माझ्याकडे बघत होती. मी आईकडे. जखीणकाकी आता माझ्या हातात राहिली नव्हती. माडावरून उतरून ती घराघरात शिरली होती, तिला एक साधं, माणसाचं तोंड मिळालं होतं, आणि ते तोंड कोणाचंही असू शकत होतं. दुपारी नंदूदादा येऊन सांगून गेला की तोंडवलीकडची वायर रात्री कोणीतरी तोडली.

शनिवारी मी माडीवर गेले. आईला सांगितलं होतं काय करणार आहे ते. ती म्हणाली, "तू ठरय," आणि आप्पांना सांगायचं की नाही हे ती बोलली नाही, मीही विचारलं नाही. नंदूदादानं आदल्या दिवशी तुटलेली वायर स्वतः जोडली होती. गिरणी बंद झाली. मी सगळा सरंजाम चढवला. आयुष्यात त्याआधी आणि त्यानंतरही एवढी घाबरून मी कॅमेऱ्यासमोर बसले नाही.

"अजून एकदा विचार कर गो," नंदूदादा म्हणाला आणि त्यानं बोट वर केलं.

संध्याकाळी पडवी भरली. नेहमीपेक्षा जास्त माणसं होती, कारण जखीण दिसते का बघायला सगळ्यांनाच यायचं होतं. भाई पुढच्या रांगेत. बायका भिंतीला टेकून, पोरं त्यांच्या कुशीत. आप्पा आपल्या नेहमीच्या लाकडी खुर्चीवर, टीव्हीच्या अगदी समोर. मी त्यांच्या मागे जमिनीवर बसले. तिथून मला त्यांची मान दिसत होती आणि कानामागचे पांढरे केस. समुद्र ऐकू येत होता. मला वाटत होतं, उठावं आणि टीव्हीचं बटण पिरगाळावं. वीज जावी. एवढी दर आठवड्याला जाते, आज जावी.

वीज गेली नाही. सिनेमा सुरू झाला, कोणाचंच लक्ष नव्हतं. मध्यंतर आलं. कागदी माड दिसला आणि माडाखाली ती. एक पोर आईच्या पदरात शिरलं. काकी हसली, पण उचकी दिली नाही. मग तिनं डोक्यावरच्या जटा उतरवून बाजूला ठेवल्या. वाटीतलं खोबरेल बोटांवर घेतलं आणि तोंडाला चोळायला लागली. सफेदा काजळात मिसळून राखाडी झाला, मग पुसला गेला. कपाळ आलं, गाल आले.

"मी जखीण नाय," पडद्यावरची मी म्हणाले. "तोंडवलीक गेल्लंय ती मीच. माझ्या वांगडा माझी आई हुती. त्या पोरीक काय लागाक नव्हता, तिका भूक लागली हुती. बांगडेवालेक धोंडे मारल्यात, तीय माणूस. माझा नाव..." आणि मी माझं नाव सांगितलं. आप्पांचं नाव सांगितलं. गाव, वाडी, देवळाच्या खालचं घर.

भाई सगळ्यात आधी वळले. मग सगळेच. इतकी तोंडं एकदम माझ्याकडे फिरली. "गे बाय माझे!" "ह्या आमचाच चेडू?" "बुवांचा?" कोणी हसत होतं, कोणी देवाचं नाव घेत होतं. भिंतीकडची एक म्हातारी उठून चपला शोधायला लागली. मी कोणाकडेच बघत नव्हते. मी आप्पांच्या मानेकडे बघत होते. ती हलली नव्हती. पडद्यावर मी पेटी पुढे ओढली, भाता सोडला आणि उघड्या तोंडानं गायला लागले, पण पडवीतल्या गलक्यात एक सूर ऐकू येईना.

आप्पांनी मागे न बघता हात वर केला.

"गप रवा रे जरा," ते म्हणाले. "पेटी ऐकाक गावना नाय."